सडा पडीक नाही

सड्याला ‘पडीक’ म्हणण्याची आपली सवय जुनी आहे, आणि घातकही. दीपकाडी (डिपकाडी कोंकणेन्स) ही कोकणपट्टीची प्रदेशनिष्ठ कंदवर्गीय वनस्पती. कातळावरील ओंजळभर मातीत तिचा कंद वर्षातील बहुतेक काळ निजून असतो. मृगाच्या सरींनंतर थोडे दिवस पांढरी, सुगंधी फुले येतात. उन्हाळ्यात पाहणी करणाऱ्याला तेथे काहीच दिसत नाही, आणि अहवालातही तेच उतरते.

मोपाच्या सड्यावरील विमानतळाची पर्यावरण परवानगी सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये स्थगित केली, ती अर्जात आवश्यक माहिती न दिल्यामुळे. 2020 मध्ये स्थगिती उठली, 2022 मध्ये उद्घाटन झाले. सडा मात्र परत आला नाही.

दोष केवळ सरकारला देणे सोयीचे आहे. कोरगावसारख्या गावांत पिढ्यान्‌पिढ्या जमिनी राखणारी आपली घराणीच विक्रीच्या बोलण्यात सड्याला ‘पडीक’ ठरवून मोकळी होतात. त्याच सड्यात मुरलेले पाणी खालच्या झऱ्यांना आणि कुळागरांना पुरते, याचा विसर कसा पडतो?

जैवविविधता कायदा 2002 चा आहे. पंचायतीची नोंदवही त्यानेच सांगितली आहे. जून ते सप्टेंबर सडा पाहून ती भरा, हा आग्रह ग्रामसभेत आपणच धरावा. तोवर कोणत्याही सड्याला पडीक म्हणण्याचा अधिकार आपल्याला नाही.