विकायचंही नाही, जपूही द्यायचं नाही!

मंडळी, सुट्टीत मुलं-नातवंडं कोल्हारला जमली की आमच्या घरी एक वाद ठरलेला. एक बाजू म्हणते, "नेटवर सगळं फुकट आहे, उतरवून घ्या, कोण विचारतंय?" दुसरी म्हणते, "कंपनीचा माल आहे, हात लावला की चोरी." वाद जुन्या गाण्यांचा आणि जुन्या व्हिडिओ गेमचा. मला विचाराल तर दोन्ही बाजू आळशी आहेत. पहिलीला प्रामाणिकपणाचा कंटाळा, दुसरीला विचार करण्याचा. पस्तीस वर्षं मुलांना "कॉपी करू नका" सांगत आलेला मास्तर या विषयावर गप्प बसला तर बरं दिसणार नाही, म्हणून आज जरा सविस्तर लिहितो.

वादाच्या मुळाशी दोन कॅसेट आहेत. पहिली लोकगीतांची. जात्यावरच्या ओव्या, भलरी, वासुदेव, गोंधळ असा सगळा ऐवज. १९८८ साली नगरच्या दुकानातून पैसे मोजून घेतली. दुसरी मुलाच्या व्हिडिओ गेमची. नव्वदच्या दशकात पोरं त्या प्लास्टिकच्या डबीलाही 'कॅसेट'च म्हणत. ही मात्र माझ्या भावाने मस्कतहून आणलेली, अस्सल जपानी. आज पहिलीच्या फितीला बुरशी लागली आहे आणि दुसरी चालवायला यंत्र उरलेलं नाही. गाण्यांच्या कंपनीला मी दोन पत्रं पाठवली. "सीडी द्या, नाहीतर दुसरं काही द्या, पैसे आगाऊ पाठवतो." उत्तर नाही. आता सांगा, चोर कोण आणि गिऱ्हाईक कोण?

आधी कायदा पाहू. आपला कॉपीराइट कायदा १९५७ सालचा. त्याच्या ५२ व्या कलमात, स्वतःच्या खासगी वापरासाठी किंवा अभ्यासासाठी केलेला रास्त वापर हा हक्कभंग नाही, असं म्हटलं आहे. २०१२ च्या दुरुस्तीने ही सवलत ध्वनिमुद्रणांनाही लागू झाली. म्हणजे माझ्या पैशाची कॅसेट मी माझ्या कॉम्प्युटरवर उतरवून माझ्या ओसरीवर ऐकली, तर मी त्याला चोरी म्हणणार नाही. तीच गाणी गावभर वाटली, तर मात्र म्हणेन.

गेमचं गणित वेगळं. गेम म्हणजे कायद्याच्या भाषेत संगणकाचा प्रोग्रॅम, आणि खासगी वापराची ती सवलत प्रोग्रॅमला नाही. पण ज्याच्याकडे कायदेशीर प्रत आहे, त्याला ती खराब होईल किंवा हरवेल या भीतीपोटी राखीव प्रत करून ठेवता येते. तेव्हा मुलाने आपल्या डबीतून आपली प्रत काढली तर ती एक गोष्ट, आणि कुणीतरी नेटवर टाकलेले हजार गेम उतरवून घेतले तर ती दुसरी. त्या काळी आपल्याकडे घरोघरी आलेली बहुतेक यंत्रं आणि 'इतके हजार गेम एकात' असं छापलेल्या डब्या नकलीच होत्या. त्यांची राखीव प्रत काढायचा हक्क कुठून येणार? मूळच चोरीचं.

"मग विकत घ्या की!" असं माझी सून म्हणते. अगदी बरोबर. पण कुठून?

अमेरिकेत 'व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन' नावाची संस्था आहे. तिने २०२३ मध्ये पाहणी केली. २०१० पूर्वी त्या देशात निघालेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात मिळतच नाहीत. त्याच वर्षी २७ मार्चला निन्टेन्डोने आपल्या दोन जुन्या यंत्रांची ऑनलाइन दुकानं विक्रीसाठी बंद केली. डिसेंबर २०२४ मध्ये सेगाने आपल्या जुन्या गेमचा संच विक्रीतून काढून घेतला. ग्रंथालयांनी संशोधकांना असे गेम दुरूनही वापरू द्यावेत, अशी मागणी तिकडे झाली, तर ऑक्टोबर २०२४ मध्ये अमेरिकेच्या कॉपीराइट कार्यालयाने ती फेटाळली. म्हणजे दुकान बंद आणि वाचनालयालाही मनाई!

गाण्यांचंही तेच. ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनानंतर ६० वर्षं टिकतो. पूर्वी मुदत ५० होती. रवींद्रनाथांच्या साहित्याचा हक्क संपायला आला, तेव्हा १९९२ च्या दुरुस्तीने सगळ्यांचीच दहा वर्षं वाढवली. या हिशोबाने माझ्या कॅसेटचा हक्क २०४८ च्या डिसेंबरअखेर सुटेल. तोवर मी नसेन आणि फीतही नसेल. ओव्या आमच्या आज्या-पणज्यांच्या, गळा कुणा मावशीचा, आणि कुलूप कंपनीचं!

कुलुपाआड वस्तू सुरक्षित राहते असा ज्यांचा समज आहे, त्यांनी आपल्या सिनेमाकडे पाहावं. 'राजा हरिश्चंद्र' १९१३ चा, आज त्याचा काही भागच उरला आहे. 'आलम आरा' १९३१ चा, त्याची एकही प्रत सापडत नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आलं १९६४ साली, तोवर बरंच गेलं होतं. जुन्या तबकड्या तरी कुणी जपल्या? चोरबाजारात, भंगारात हिंडणाऱ्या वेड्या संग्राहकांनी. मुंबईत अशा मंडळींनी १९९० मध्ये 'सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स' काढली.

आता समोरच्यांचा खरा मुद्दा. कलाकाराच्या पोटाचं काय? मुद्दा मोलाचा आहे. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांना मानधनाचा वाटा मिळायची सोय केली, ते योग्यच झालं. आणि बाजारात शंभर रुपयांत मेमरी कार्डात हजार गाणी भरून देणाऱ्याची मी बिलकुल बाजू घेणार नाही. तो दुसऱ्याच्या घामावर धंदा करतो. पण जी कॅसेट कंपनी विकतच नाही, तिच्यातून त्या गाणाऱ्या बाईला किती मिळणार? शून्य. लोक पैसे देत नाहीत हेही खरं नाही. सारेगामाने २०१७ मध्ये जुनी गाणी भरलेला 'कारवाँ' काढला, तो लाखांच्या संख्येने खपला. तीच गाणी नेटवर फुकट ऐकायला मिळत असताना! नीट विकलं की लोक घेतात.

आमच्या नगर जिल्ह्यात कूळकायदा ठाऊक नाही असं शेतकऱ्याचं घर सापडायचं नाही. 'कसेल त्याची जमीन' या तत्त्वावर १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरला. कॉपीराइट कायदाही त्याच वर्षीचा, हा योग पाहा. त्या कायद्यातही या तत्त्वाची एक काडी आहे. कलम ३१ म्हणतं, मालक प्रसिद्ध झालेली कृती पुन्हा काढायला नकार देत असेल आणि त्यामुळे लोक तिला मुकत असतील, तर दुसऱ्याला मोबदला ठरवून सक्तीचा परवाना मिळू शकतो. छान! पण तीस रुपयांच्या कॅसेटसाठी पेन्शनवाल्या मास्तराने वकील लावायचा का?

माझं मागणं एवढंच. एखादी ध्वनिफीत किंवा गेम पाच वर्षं कुठेच विकत मिळत नसेल, तर सार्वजनिक वाचनालयांना त्याची प्रत करून जपण्याची आणि सभासदांना वापरू देण्याची मोकळीक असावी. मालकी कंपनीचीच राहू द्या. तिने पुन्हा विक्री सुरू केली की वाचनालयाने थांबावं. आजचा कायदा फार तर ग्रंथालयाला आपल्याकडच्या मूळ प्रतीची डिजिटल प्रत ठेवू देतो. पण त्यासाठी मूळ प्रत त्यांच्या कपाटात तरी हवी ना! गावच्या वाचनालयात कॅसेटचं कपाट कुणी पाहिलंय का?

तेव्हा नातेवाईक आणि ब्लॉगमित्रहो, माळ्यावरच्या कॅसेट भंगारवाल्याला देऊ नका. डबीवर गाणाऱ्याचं नाव, गाव आणि साल वाचता येतंय तोवर वहीत उतरवून ठेवा. आणि वासुदेव-गोंधळाची अशी एखादी फीत तुमच्याकडे असेल, तर जरूर कळवा. तुमच्या घरी येऊन ऐकेन, तेवढी मुभा कायद्याने अजून ठेवली आहे.