हिशेबी माणसाची कविता

इंजिनिअर कवी होऊच शकत नाही, असा निकाल आमच्या सोनिवलीतल्या एका रसिक गृहस्थांनी नुकताच देऊन टाकला. का? तर आकडेमोडीने मन कोरडं पडतं, नोकरी जीव शोषते आणि उरल्या वेळात होते ती नुसती हौस. हे ऐकून गप्प बसणं मला जमत नाही.

हिशेबाचं आणि कवितेचं वैर आहे हे मुळातच खोटं. शार्दूलविक्रीडित या वृत्ताच्या चरणात 19 अक्षरं, म-स-ज-स-त-त-ग हा गणांचा क्रम, बाराव्या अक्षरावर यती. एक गुरू इकडचा तिकडे झाला की चरण कोसळतो. लघुगुरूंचे सगळे शक्य क्रम मांडण्याची रीत पिंगलाच्या छंदःशास्त्रात आहे. मात्रा एकेकीने वाढल्या की त्यांत बसणाऱ्या रचना 1, 2, 3, 5, 8, 13 अशा वाढतात, हे हेमचंद्राने बाराव्या शतकात सांगितलं. आज शाळेत हेच आकडे फिबोनाचीच्या नावाने शिकवतात. आपल्याकडे हे गणित कवितेच्या पोटी जन्मलं! यावर मुक्तछंदाचा जुना वाद उकरला जाईल. पण मुक्तछंदातही ओळ कुठे तोडायची हे ठरवणारा कवी वजनच तोलत असतो. ज्याला ते तोलता येत नाही, त्याची कविता म्हणजे तुकडे केलेलं गद्य.

नोकरी जीव शोषते? बंगालीतले कवी जतींद्रनाथ सेनगुप्त स्थापत्य अभियंत्याची नोकरी करत होते. 1923 साली त्यांचा ‘मरीचिका’ हा काव्यसंग्रह आला. हौस? गोरोबांनी मडकी घडवली, सावतोबांनी मळा राखला. त्यांच्या अभंगांना हौस म्हणून दाखवा.

आता माझं म्हणणं: कामाने लिहिणाऱ्याची नजर घडते. दि. बा. मोकाशी कवी नव्हेत, कथाकार. पण दाखला त्यांचाच देतो. विजेचं आणि रेडिओचं तांत्रिक शिक्षण घेऊन त्यांनी पुण्यात रेडिओदुरुस्तीचं दुकान चालवलं. ज्ञानेश्वरांच्या पालखीबरोबर ते पंढरपूरपर्यंत चालले आणि 1964 साली ‘पालखी’ आलं. 1974 साली तुकोबांवरची ‘आनंद ओवरी’ ही कादंबरी. बिघाड शोधणारा माणूस आधी नीट पाहतो, मग बोलतो. ‘पालखी’तल्या नोंदींत मला तीच सवय दिसते.

अंबरनाथ-बदलापूरच्या कारखान्यांत पाळी करून लिहायला बसणाऱ्या मुलामुलींनी त्या गृहस्थांचं मुळीच ऐकू नये. कामावर कमावलेली नजर कवितेत खुशाल वापरावी.