गॅलरीतले पैलवान

निवडणूक आली की मराठी पेपर वाचायला पैलवान व्हावं लागतं. ‘अमुक रिंगणात’, ‘तमुकने शड्डू ठोकला’, ‘विद्यमान आमदारांना धोबीपछाड’, ‘दोघांत नूरा कुस्ती असल्याची कुजबुज’... रस्ते, पाणी, कचरा राहिला बाजूला. उमेदवाराने लंगोट कसलाय की नाही, याचीच सगळ्यांना काळजी! अमेरिकेतही तेच. तिथला उमेदवार रिंगमध्ये हॅट फेकतो, आणि ती रिंग असते बॉक्सिंगची.

पण आपल्या मुळशीत ही नुसती पेपरातली भाषा नाही, बॉस.

‘आपल्या’ म्हणजे? हिंजवडीत ज्यांचं आयकार्ड गळ्यात लटकतं त्या सगळ्यांच्या. क्लायंटला आपण सांगतो ‘ऑफिस पुण्यात’. सातबाऱ्याला विचाराल तर हिंजवडी आणि माण ही मुळशी तालुक्यातली गावं. वीकेंडला ताम्हिणीत भिजायला जाताना पौड लागतं ना, गरम भजी खाऊन आपण पुढे सटकतो ते, तेच आपल्या तालुक्याचं ठिकाण.

याच तालुक्यात मुठा नावाचं गाव आहे. मामासाहेब मोहोळ तिथले. महाराष्ट्र राज्य कुस्तीगीर परिषद उभी राहिली १९५३ मध्ये, ती त्यांच्या पुढाकाराने. महाराष्ट्र केसरीची जी चांदीची गदा विजेता खांद्यावर घेऊन फोटो काढतो, ती मोहोळ कुटुंब त्यांच्याच स्मरणार्थ देतं. मामासाहेब राजकारणातही होते. त्यांचे चिरंजीव अशोक मोहोळ १९९८ आणि १९९९ मध्ये खेड मतदारसंघातून लोकसभेवर गेले. २०२४ मध्ये पुण्याचे खासदार झालेले मुरलीधर मोहोळही मूळचे मुठ्याचेच, आणि तरुणपणी कोल्हापूरच्या तालमीत घाम गाळलेले. थोडक्यात काय, तालमीतून सभागृहात जायची वाट मुळशीकरांना पाठ आहे.

२०१९ ची विधानसभा आठवते? आमचे पैलवान तेल लावून तयार आहेत, पण समोर कुणी दिसतच नाही, असं देवेंद्र फडणवीस प्रचारात म्हणाले. शरद पवार तेव्हा कुस्तीगीर परिषदेचे अध्यक्ष. कुस्ती पैलवानांशी होते, असं त्यांनी हातवारे करून सुनावलं. पुढचे आठ दिवस चॅनेलवर आणि आमच्या कँटीनमध्ये दुसरा विषय नव्हता. त्या आठ दिवसांत शेती, नोकऱ्या, पूर यावर कोण काय बोललं, ते आठवून बघा. नाही ना आठवत? मलाही नाही.

हा आजार आपला एकट्याचा नाही. फार जुना आहे. त्यासाठी जरा रोमला जाऊन येऊ. व्हिसा लागत नाही.

‘अरीना’ हा शब्द आपण कॉन्सर्टच्या तिकिटावर वाचतो. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ साधी वाळू. रक्त शोषून घ्यायला मैदानात पसरलेली. ग्लॅडिएटरच्या झुंजीची रोममधली पहिली नोंद इसवी सनापूर्वी २६४ ची. कुणा बड्या माणसाच्या अंत्यविधीला मुलांनी तीन जोड्या लढवल्या होत्या. म्हणजे सुरुवात दहाव्या-तेराव्यासारखी, घरगुती. पण गर्दी जमते म्हटल्यावर पुढाऱ्यांचे कान टवकारले. रोममध्ये तेव्हा दरवर्षी निवडणुका व्हायच्या. उमेदवार खडूने पांढरीशुभ्र केलेली वस्त्रं घालून हात मिळवत फिरायचे. अशा पांढऱ्याला लॅटिनमध्ये ‘कॅन्डिडा’ म्हणतात, ‘कॅन्डिडेट’ हा शब्द तिथूनच आला. आपल्याकडची कडक इस्त्रीची खादी काही फार लांबची नातेवाईक नव्हे!

ज्युलियस सीझरने तर कमाल केली. वडिलांना जाऊन वीसेक वर्षं झाली होती. इसवी सनापूर्वी ६५ मध्ये शहराचे खेळ भरवायचं पद हाती येताच त्याला एकदम वडिलांची आठवण आली. प्लुटार्क त्याच्या ग्लॅडिएटरच्या ३२० जोड्या सांगतो. विरोधक इतके धास्तावले, की शहरात किती ग्लॅडिएटर ठेवायचे यावरच मर्यादा घातली गेली. सीझर कर्जात बुडाला होता, पण लोकांच्या तोंडी नाव एकच. दोनच वर्षांनी सिसरोने कायदा आणला. जो निवडणुकीला उभा राहणार, त्याने आधीची दोन वर्षं झुंजी भरवायच्या नाहीत. आचारसंहिता म्हणतात ती हीच की! गणपतीत, दहीहंडीत ‘सौजन्य’ म्हणून कुणाकुणाचे फोटो झळकतात ते डोळ्यापुढे आणा. सिसरो आज पुण्यात असता तर पहिल्याच आठवड्यात रजेवर गेला असता.

आता खरी गंमत. आपण ज्याचा फोटो वॉलपेपर म्हणून लावतो ते कोलोसियम कधी उघडलं? इसवी सन ८० मध्ये. आणि रोमच्या जनतेच्या हातातून मोठ्या पदांच्या निवडणुका कधी गेल्या? इसवी सन १४ मध्ये. टायबेरियस बादशहा झाला आणि निवड सिनेटकडे सोपवून मोकळा झाला. म्हणजे झुंजींचं सगळ्यात मोठं मैदान लोकांना मिळालं, ते मत गेल्यावर सहासष्ट वर्षांनी. पब्लिकची ओरडायची सोय मात्र फर्स्ट क्लास. पडलेल्या ग्लॅडिएटरला सोडायचं की संपवायचं, हे गर्दी बोंबलून सांगायची. शेवटचा शब्द खेळ भरवणाऱ्याचा. पण घसा बसेपर्यंत ओरडलं की माणसाला वाटतं, आपणच काहीतरी ठरवलं.

मत गेलं आणि गॅलरी मिळाली. हा सौदा ओळखीचा वाटतोय का?

मग राजकारणाला कुस्ती म्हणणंच चूक का? मला तसं वाटत नाही. मध्यंतरी मुळशीतल्याच एका गावच्या यात्रेत फड बघायला गेलो होतो. हलगी कडाडत होती, लहान पोरांच्या रेवड्यांवरच्या कुस्त्या उरकल्या होत्या, मोठ्या इनामाच्या कुस्त्यांना वेळ होता. शेजारी एक म्हातारे वस्ताद बसले होते, कान चपटे झालेले. एक कुस्ती लागता लागता पंचांनी रद्द केली. मी विचारलं, “वस्ताद, का सोडली नाही?”

“पाव्हणं, जोड बघावी लागती आधी,” ते म्हणाले. “शंभर किलोच्या गड्यापुढं साठ किलोचं पोर सोडलं, तर ती कुस्ती न्हाई. तो जीव घेणं झालं.”

“आणि हरलेल्याचं काय?”

“त्याला काय झालंय? माती झटकायची, पुढल्या गावच्या जत्रंला परत उतरायचं. परत उतरायला मिळतंय म्हणून तर पोरं हरायला भीत न्हाईत.”

लोकशाही याहून सोप्या शब्दांत मला कुणी सांगितलेली नाही. ग्लॅडिएटर आणि पैलवान यांच्यात फरक इथे आहे. जोड बघून लावलेली असते, पंच दोघांचे असतात आणि हरलेला पुढच्या वेळी परत येऊ शकतो. निवडणुकीत जोड लावतं कोण? मत. अंबानींचं एक, आपलं एक, मजुराचं एक. बाकी कशातच बरोबरी नाही, म्हणून तर या एका बरोबरीला एवढी किंमत.

ही बरोबरी नसली की काय होतं, तेही मुळशीनेच बघितलंय. ज्या मुळशी लेकच्या काठावर आपण टीम आउटिंगला जातो, सेल्फी काढतो, तिथे पाण्याखाली गावं आहेत. मुंबईला वीज हवी होती, म्हणून टाटांच्या कंपनीने मुळा नदीवर धरण आखलं. १८९४ चा भूसंपादनाचा कायदा सरकारच्या हाताशी होताच. पन्नासच्या आसपास गावांवर पाणी येणार होतं. आणि या गावांतल्या मावळ्यांपैकी मत कुणाला होतं? तेव्हाच्या मुंबई कौन्सिलसाठी मालमत्ता आणि कराच्या अटींमुळे मोजक्याच लोकांना. बाकीच्यांकडे होतं फक्त शरीर. तेच त्यांनी मध्ये घातलं.

एप्रिल १९२१, रामनवमी. बाराशेच्या आसपास माणसं धरणाच्या कामावर जाऊन बसली. काम थांबलं. काही काळाने ते पुन्हा सुरू झालं आणि मग अटका, तुरुंग, पुन्हा सत्याग्रह. विनायकराव भुस्कुटे होते, पांडुरंग महादेव बापट होते. बापटांना लोक ‘सेनापती’ म्हणू लागले ते याच लढ्यातून. यात एक कडू गोष्टही आहे. बऱ्याच जमिनी पुण्यातल्या सावकारांच्या नावावर होत्या. मोबदल्याची भाषा सुरू झाल्यावर त्यांना तडजोड परवडणारी होती. कसणाऱ्या कुळाला ती परवडणार कशी? त्याचं सगळं त्या मातीतच होतं.

१९२४ मध्ये बापटांनी साथीदारांबरोबर धरणाच्या कामाची रेल्वे अडवली. हत्यारं घेऊन. सात वर्षांची शिक्षा झाली. लढा संपला, धरण झालं, पाणी चढलं. राजेंद्र व्होरा यांनी या सत्याग्रहावर पुस्तक लिहिलं, त्यात त्यांनी याला जगातलं पहिलं धरणविरोधी आंदोलन म्हटलंय. पहिलं होतं, आणि हरलं. कारण जोडच लागलेली नव्हती. एका बाजूला कंपनी, कायदा आणि पोलीस. दुसऱ्या बाजूला भात लावणारी माणसं. मत नसलेल्या माणसाला दोनच पर्याय उरतात, गप्प बसणं नाहीतर रुळावर दगड ठेवणं.

आता आपल्याकडे या. हिंजवडी आणि माणच्या जमिनीही एमआयडीसीने संपादित केलेल्याच. कधीकाळी तिथे भाताची खाचरं होती, आज आपली क्युबिकल्स आहेत. पाऊस पडला की रस्त्याची नदी होते, आणि मग कंपनीच्या बसमध्ये अडकलेली पब्लिक व्हॉट्सअ‍ॅपवर सरकार पाडते. २०२५ च्या पावसाळ्यात हे इतकं झालं, की हिंजवडी महापालिकेत घ्यायची की नाही हा जुना वाद पुन्हा पेटला. आमच्या टीममधला एक हुशार गडी त्यावर रोज पोटतिडकीने बोलायचा. मूळचा नांदेडचा, अकरा वर्षं इथे, स्वतःचा फ्लॅट, पोरगी इथल्याच शाळेत.

“अरे, मग इथल्या ग्रामपंचायतीला मत कुणाला दिलंस?”

“मत? नाव तर गावाकडेच आहे ना यार.”

“मग नांदेडला जातोस मतदानाला?”

“एका दिवसासाठी? काहीतरीच काय! रिझल्ट मात्र सकाळपासून लाइव्ह बघतो हां. चार्जर लावून!”

म्हणजे नांदेडच्या हौद्यात तो नाही, मुळशीच्या हौद्यात तर नावच नाही. गॅलरीत मात्र पहिल्या रांगेत. आणि असे किती असतील? २०१९ च्या लोकसभेला शेजारच्या पुणे मतदारसंघात निम्म्याहून थोड्या कमीच मतदारांनी बटण दाबलं होतं. ज्यांची नावं यादीतच नाहीत, ते या हिशेबातसुद्धा धरलेले नाहीत.

२०२४ मध्ये बारामतीची लढत देशभर गाजली. सुप्रिया सुळे विरुद्ध सुनेत्रा पवार, ‘नणंद विरुद्ध भावजय’. सुळे दीड लाखाहून जास्त मतांनी जिंकल्या. चॅनेलवाल्यांनी घरातलं भांडण महिनाभर पुरवून पुरवून दाखवलं, आणि हिंजवडीच्या कँटीनमध्ये लोक ते नेटफ्लिक्ससारखं बघत होते. किती जणांना ठाऊक होतं, की मुळशी तालुका भोर विधानसभेत येतो आणि भोर येतं बारामती लोकसभेत? थोडक्यात, ज्या कुस्तीवर आपण पैजा लावत होतो, तिचे पंच व्हायचा आपल्याला हक्क होता.

टीव्हीवरच्या झुंजी बघू नका, असं मी सांगणार नाही. मीही बघतो, चहा घेऊन, मजेत. प्रचारात थोडी हलगी वाजलीच पाहिजे, नाहीतर लोक फडावर येणार कसे? प्रश्न एवढाच, की हलगी संपल्यावर आपण काय करतो.

पत्ता बदलला असेल तर मतदार यादीतलं नाव हलवायला निवडणूक आयोगाचा फॉर्म ८ आहे. ऑनलाइन भरता येतो, सोबत नव्या पत्त्याचा एखादा पुरावा. ग्रामपंचायतीची यादीही विधानसभेच्या यादीवरूनच निघते, त्यामुळे एका फॉर्ममध्ये सरपंचापासून खासदारापर्यंत सगळे आपल्या टप्प्यात येतात. आणि ग्रामपंचायतीच्या वॉर्डात मतदार किती असतात? एखाद्या मोठ्या सोसायटीने ठरवलं तर निकाल फिरेल, इतपत.

शंभर वर्षांपूर्वी याच तालुक्यातली माणसं मत नव्हतं म्हणून धरणाच्या कामावर जाऊन बसली. आपल्याला बसायचंय फक्त लॅपटॉपपुढे, तेही एसीत. फॉर्म आजच भरा. निवडणूक अगदी तोंडावर आली की यादी बंद होते, आणि मग पुढची पाच वर्षं आहेच आपली जागा... गॅलरीत!