वाटाण्याचा भागाकार

एखाद्या दिग्दर्शकाला गणित येतं, तो स्वतः कोडही लिहितो असं कळलं की आपल्याकडे ठरलेली हेडलाइन येते : ‘कला आणि विज्ञानाचा संगम’. मला या ‘संगम’चा राग येतो. संगमाला आधी दोन नद्या वेगळ्या लागतात. सिनेमात त्या वेगळ्या होत्या कधी?

दादासाहेब फाळक्यांनी १९१२ मध्ये, ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, वाटाण्याचं रोप वाढताना दाखवणारी छोटी फिल्म केली. असलं काही करायचं तर हिशोब कसा लागतो बघा. मूकपटाचा वेग साधारण सेकंदाला १६ फ्रेम धरू. दिवसाला एकच फ्रेम घेतली तर महिनाभर वाढलेलं रोप पडद्यावर दोन सेकंदांत संपतं. तेच पूर्ण मिनिटभर दिसायचं तर ९६० फ्रेम हव्यात. म्हणजे ३० दिवस, दर ४५ मिनिटांनी एक, रात्रीसुद्धा. आधी भागाकार, मग चमत्कार. हे फाळके जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकलेले. आता सांगा, त्यांची ‘साइड’ कुठली?

मी पोटासाठी कोड लिहितो. अ‍ॅनिमेशनमध्ये सुरुवातीचं आणि शेवटचं चित्र दिलं की मधली चित्रं कम्प्युटर भरतो. पण समान अंतराने भरली तर वर फेकलेला चेंडू मेल्यासारखा सरकतो. खरा चेंडू वर जाताना मंदावतो, क्षणभर थबकतो, मग वेगाने खाली येतो. तो किती रेंगाळावा हे ठरवणं म्हणजे गणित की कला? मला तरी फोड करता येत नाही.

आणि आमच्या सिंधुदुर्गात तर यासाठी कॅमेराही लागत नाही. कुडाळजवळच्या पिंगुळीत ठाकर समाजाचे कलावंत चामड्याच्या बाहुल्यांचा सावल्यांचा खेळ करत आलेत. बाहुली पडद्यापासून दिव्याकडे सरकवा, सावली मोठी होते आणि कडा पुसट होतात. दिव्यापासून पडदा जितका लांब, त्याच्या निम्म्या अंतरावर बाहुली धरली की सावली बरोबर दुप्पट. पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा आम्ही सगळ्यांनी स्टेटस ठेवले. त्याच फोनवर भाच्याला विचारलं, “काय रे, सायन्स घेतलंस मा?” चित्रं काढणाऱ्या पोराला ‘गणित कच्चं असेल’ म्हणायचं, गणितात हुशार असेल त्याची वही तपासून मागच्या पानावरची चित्रं खोडायला लावायची. मग पंचवीस वर्षांनी एखादा दोन्ही करताना दिसला की अजूबा म्हणून टाळ्या वाजवायच्या!

नव्या शैक्षणिक धोरणाने २०२० मध्ये कला-विज्ञानातली भिंत नको असं लिहून ठेवलंय. कागदावर ठीक आहे. मालवणातल्या एखाद्या शाळेने दहावीचे समरूप त्रिकोण शिकवताना पिंगुळीहून बाहुल्या घेऊन कोणाला तरी बोलवावं, मानधन द्यावं आणि वर्गाच्या खिडक्या बंद करून एक दिवा लावावा. मोजपट्टी पोरांकडे असतेच.