आधी मोजणी, मग अतिक्रमण

‘आपण शासकीय जमिनीवर अतिक्रमण केले असून ते सात दिवसांत स्वखर्चाने काढून घ्यावे.’ अशी नोटीस घेऊन लोक अजूनही माझ्या ओसरीवर येतात. भूमी अभिलेख खात्यात आयुष्यभर भूकरमापक होतो, त्याचा हा प्रसाद. मी एकच विचारतो : मोजणी झाली का? बहुतेकदा झालेली नसते. बांधावर उभं राहून नजरेनं केलेला पंचनामा असतो, एवढंच.

एका खातेदारानं गायरानाचे चार गुंठे दाबले, असा आरोप होता. गट नकाशावर त्याची पश्चिम हद्द खरंच आत दिसत होती. मी त्याला एकत्रीकरण योजनेच्या आधीचं, जुन्या सर्व्हे नंबरचं टिपण काढायला लावलं. टिपणात उत्तरेची बाजू 7 साखळ्या 4 आणे. गट नकाशावर तीच 6 साखळ्या 14 आणे भरली. साखळी 33 फुटांची, आणे तिचे सोळा. म्हणजे सहा आण्यांचा, साधारण 12 फुटांचा फरक. साडेतीनशे फूट लांबीच्या बांधाला तेवढ्यात चार गुंठे होतात. बांध जागचा हललाच नव्हता, कागदावरची रेघ सरकली होती.

गायरान गिळणारे थोडे नाहीत, हेही खरं. पुढाऱ्यांचे गोठे गायरानात निघालेले मी पाहिलेत. त्यांच्यासाठी सर्वोच्च न्यायालयाचा 2011 चा जगपालसिंग निकाल आहे : वर्षानुवर्षांचा ताबा किंवा बांधकामावरचा खर्च ही गावाची सामाईक जमीन बळकावल्याची सबब होत नाही. मला त्यांची कणव नाही. माझं म्हणणं ज्याच्या हाती खरेदीखत, फेरफार आणि टिपण आहे त्याच्यापुरतं आहे.

महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम 50 जिल्हाधिकाऱ्यांना अतिक्रमण हटवण्याचा अधिकार देतं. पण जमीन सरकारची आहे की नाही, हाच वाद असेल तर? 1982 मध्ये हैदराबादजवळच्या हब्सीगुड्याच्या जमिनीबाबत सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांनी दिलेला निकाल स्पष्ट आहे. मालकीचा प्रामाणिक वाद असेल, तर सरकारनं स्वतःच्या बाजूनं एकतर्फी निवाडा करून झटपट हुसकावणी करू नये. दिवाणी न्यायालयात जावं. आपल्या संहितेतही कलम 20 खाली जिल्हाधिकाऱ्यांनी रीतसर चौकशी करायची आहे, आणि तो निर्णय पटला नाही तर दावा लावता येतो. तरीही नोटिशीत निकाल आधीच लिहिलेला असतो, हे मला खटकतं. शेजाऱ्यानं बांध कोरला तर आपण मोजणी मागतो, मग सरकार शेजारी असलं म्हणून मोजणी का टाळायची?

आणखी एक गोष्ट, वकील मंडळींनी रागावू नये. उत्तरात घाईनं ‘30 वर्षांचा प्रतिकूल ताबा’ लिहितात. सरकारविरुद्ध 30 वर्षांची मुदत कायद्यात आहे खरी. पण तो मुद्दा घेतला की जमीन मुळात सरकारची, असं आपणच कबूल केल्यासारखं होतं. कागद भक्कम असतील तर मालकीवरच उभं राहावं. आणि नुसत्या सातबाऱ्यावर विसंबू नये : कलम 157 प्रमाणे नोंद खोटी ठरेपर्यंत खरी धरतात, पण त्यानं मालकी सिद्ध होत नाही.

तेव्हा नोटीस आली की मुदतीत लेखी उत्तर द्या, पोच घ्या, सुनावणी मागा. हद्द कायमच्या मोजणीचा अर्ज करा, जुन्या टिपणाची नक्कल जोडा. मोजणी चुकीची वाटली तर निमताना मोजणी, म्हणजे फेरमोजणी, मागता येते. तहसीलदारांच्या आदेशावर अपील 60 दिवसांत प्रांताकडे, कलम 20 च्या आदेशाविरुद्ध दावा एका वर्षात. सरकारवर दावा लावण्याआधी दोन महिन्यांची नोटीस लागते. जेसीबी दारात असेल तर न्यायालयाच्या परवानगीनं तीही माफ होते.

आणि मोजणीच्या दिवशी शेतावर हजर राहा.