ऐका, पण नेऊ नका!

‘कलावंताचा माल, कलावंताची मर्जी’, असे एक स्नेही मला परवा ऐकवीत होते. विषय होता ‘ग्रेटफुल डेड’ या अमेरिकन रॉक वाद्यवृंदाच्या दुर्मिळ ध्वनिमुद्रणांचा.

मर्जीचेच बोलायचे, तर १९६५ साली कॅलिफोर्नियात निघालेल्या या मंडळींनी श्रोत्यांना मैफलीत यंत्रे आणू दिली. १९८४ पासून तर त्यांच्यासाठी वेगळी जागाच राखली. अट एवढीच, की विक्री करायची नाही. पुढे हा ठेवा ‘इंटरनेट अर्काइव्ह’वर जमला. नोव्हेंबर २००५ मध्ये मात्र मालकांना एकाएकी मालकी आठवली, आणि मुद्रणे उतरवून घेणे बंद! ओरड झाली, तेव्हा श्रोत्यांनी केलेली परत मिळाली. ध्वनियंत्रणेतून थेट घेतलेली, म्हणजे सर्वांत स्वच्छ, ती आजही नुसती ऐकायची.

हे मला साफ नामंजूर आहे. बेटी कँटर-जॅक्सन या ध्वनितंत्रज्ञ बाईंची रिळे १९८६ साली गोदामाचे भाडे थकले म्हणून लिलावात गेली. ८ मे १९७७ ची कॉर्नेल विद्यापीठातली मैफल जगभर पोहोचली ती हौशी लोकांच्या नकलांनी. लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१२ साली तिला राष्ट्रीय ठेव्यात घेतले. अधिकृत आवृत्ती निघाली २०१७ साली!

‘ऐकायला मिळते ना, मग तक्रार कसली?’ स्नेही विचारतात. तक्रार अशी, की प्रत एकाच कोठारात राहते, आणि त्याचे दार एका निरोपाने बंद होते. २००५ साली झालेच होते.