कर्जबाजारी घराची विनोदिका आणि कोल्हापूर

डिसेंबर लागला की नाताळच्या चित्रपटांच्या याद्या फिरू लागतात. त्यांतला एक प्रकार मला विशेष आवडतो: शेती तोट्यात, घरावर कर्ज, सण तोंडावर आणि घरातली माणसे काहीतरी विक्षिप्त उद्योग करून वेळ निभावून नेतात. असा चित्रपट आपल्याकडे का रुजला नाही, हा प्रश्न कोल्हापूरलाच विचारायला हवा. कारण शेतकऱ्याचे कर्ज पडद्यावर आणण्याचा मान याच नगरीचा.

वर्ष १९२५. बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सावकारी पाश’. कथा नारायण हरी आपटे यांची. सावकारापायी जमीन गमावून शहरात गिरणी कामगार होणारा तरुण शेतकरी साकारला व्ही. शांताराम यांनी. देवादिकांचे चमत्कार आणि मराठ्यांच्या लढाया पाहायला सरावलेल्या प्रेक्षकांपुढे बाबूरावांनी काळोखातली झोपडी आणि तिच्याबाहेर रडणारे कुत्रे ठेवले.

पार्श्वभूमी ध्यानात घ्या. १८७५ साली पुणे जिल्ह्यातील सुप्यात शेतकरी सावकारांविरुद्ध उठले. त्यांचा मुख्य रोख माणसांवर नव्हता, कागदांवर होता. गावोगाव गहाणखते आणि कर्जरोखे जाळले गेले. पुढे १८७९ चा कायदा आला, पण पाश सुटला नाही. पन्नास वर्षांनी तोच विषय चित्रपटाला पुरला, आणि १९३६ मध्ये शालिनी सिनेटोनसाठी बाबूरावांनी तो पुन्हा, या वेळी बोलपट म्हणून काढला.

आता त्याच १९२५ सालाकडे दुसऱ्या बाजूने पाहू. चॅप्लिनचा ‘द गोल्ड रश’ त्याच वर्षीचा. बर्फात अडकलेला भुकेला माणूस सणाच्या जेवणासाठी बूट शिजवतो आणि नाडी शेवयांसारखी गुंडाळून खातो. भूक तीच, तिकडे तिचे हसू झाले, इकडे आक्रोश. बाबूरावांना मी दोष देत नाही. जखम उघडी असताना पहिला शब्द वेदनेचाच निघतो.

माझी तक्रार पुढच्या पिढ्यांशी आहे. ग्रामीण विनोद मराठीत उदंड झाला. भालजी पेंढारकरांच्या ‘तांबडी माती’तून १९६९ मध्ये दादा कोंडके पडद्यावर आले आणि १९७१ च्या ‘सोंगाड्या’ने महाराष्ट्राला वेड लावले. दादांची हजरजबाबी निरागसता मला मनापासून प्रिय आहे. तरीही त्या हसण्यात सातबारा नसतो. शेतकरी भोळा असतो, रंगेल असतो. कर्जदार क्वचितच असतो. रडायचा शेतकरी वेगळा आणि हसवायचा वेगळा, अशी वाटणीच आपण करून टाकली.

ती वाटणी मोडली २००९ मध्ये, तीही विदर्भाच्या मातीत. सतीश मनवर यांचा ‘गाभ्रीचा पाऊस’. शेजारच्या शेतकऱ्याने आत्महत्या केल्यावर अलका (सोनाली कुलकर्णी) धास्तावते, आपला किसना (गिरीश कुलकर्णी) तेच करील म्हणून. मग पोराला आणि सासूला त्याच्या मागावर ठेवणे, त्याला खूश ठेवण्याची धडपड. किसनाची चिंता मात्र पावसाची! आपल्यामागे ही पलटण का लागली, हेच त्याला उमगत नाही. आपण हसतो आणि लगेच घसा दाटतो. शेतकऱ्याच्या दुःखाची ही थट्टा आहे असे म्हणणाऱ्यांनी अलकाची भीती नीट पाहावी. सारा विनोद तिच्या प्रेमातून जन्मतो.

आणि कोल्हापूरला विषय शोधायला कुठे जावे लागणार? दिवाळीच्या सुमारास इथल्या कोणत्याही ऊसकरी घरात डोकवा. चुलीवर चकल्यांचे तेल तापलेले, जयसिंगपूरच्या ऊस परिषदेत मागितलेला दर कारखाने देणार की नाही याची चर्चा, उसाला तुरा फुटायची धास्ती आणि तोडणीच्या टोळीची चातकासारखी प्रतीक्षा. टोळी आली की वर मजूर आणि ट्रॅक्टरवाल्याला द्यायचे वेगळे पैसे. देणारा मेटाकुटीला आलेला असतो, आणि त्या पैशांना नाव आहे ‘खुशाली’. या एका शब्दावर अर्धा चित्रपट उभा राहील.